झोळीबाहेरचा पाय

जयराम, तुझा डावा पाय झोळीच्या बाहेर राहिला होता. लहानूनं मोबाइलवर काढलेल्या त्या व्हिडिओत तू म्हणून जे काही दिसतं ते एवढंच. बाकी मग खांद्यांवरचा बांबू, त्याला बांधलेली तुझ्या आईची, आयसची, चौकड्यांची चादर, चिखलात पाय रोवत चाललेले चौघे आणि पावसाचा आवाज. तुझ्या या चुलतभावानं तो मला पाठवला तेव्हा तू जिवंत होतास. खाली त्यानं लिहिलं होतं, "ताई, दादाच्या छातीत दुखतं. डांबरीपर्यंत पोचलो की जीप आहे. नाशकात कोणाला तरी सांगून ठेवा." मी फोन लावत सुटले. ओळखीच्या डॉक्टरांना तुझं वय सांगितलं, तू विड्या ओढतोस हे सांगितलं, आयसच्या घरी आवणीला, भाताची रोपं लावायला, गेला होतास हेसुद्धा सांगितलं, जसं काही त्यांना त्याचा उपयोग होता. मी बोलत होते तेव्हा खोडाळ्याच्या अलीकडे, जीपमध्ये, लहानूच्या मांडीवर डोकं ठेवून तू गेलासही.

तो व्हिडिओ अजून माझ्याकडे आहे. तो पुसावा की ठेवावा हेच मला कळत नाही. तू असतास तर दोन शब्दांत निकाल लावला असतास, आणि मी तुझ्याशी चार दिवस भांडले असते. आता भांडायलाही मी एकटीच आहे, आणि तुझी बाजूही मलाच मांडावी लागते. खरं सांगू, तुझी बाजू मला नीट मांडता येत नाही. ती तुझ्या तोंडीच शोभायची.

तू कॅमेऱ्यानं काढायचास आणि मी ते जोडायचे, इतकी वर्षं आपलं हेच चाललं. तुला पाड्यावरचं सगळं दिसायचं आणि मला जव्हारच्या क्लार्कच्या मुलीला त्यातलं निम्मं कळायचं नाही. तुझं फुटेज आलं की पहिले पायच पाय. भेगा पडलेले, शेणानं भरलेले, जोडव्यांचे, एक चप्पल निळी आणि एक काळी असलेले. मी वैतागायचे. "अरे, या माणसाला तोंड आहे की नाही?" तू म्हणायचास, "येईल की. आधी तो कुठून चालत आला ते तर बघ." चेहरा आधी दाखवला की लोक लगेच कीव करायला लागतात, असं तुझं म्हणणं. पायाची कीव करायला जरा वेळ लागतो, तेवढ्यात माणूस बोलायला लागलेला असतो. तेव्हा मला हे तुझं काहीतरी फॅड वाटायचं. हळूहळू मीही रस्त्यावर माणसांचे पाय बघायला लागले, आणि ही खोड आता जायची नाही.

ते पांढरं कापड आठवतं? उन्हाळ्यात पाड्याच्या झऱ्यावरून बायका हंडे घेऊन वर येतात, त्या वाटेवर तू ते अंथरलंस. आधी बायका त्यावर पाय ठेवीनात. नवं कापड, मळेल म्हणून बाजूनं काट्यांतून जायला लागल्या. मग तू आयसला पुढे केलंस. ती दोन हंडे डोक्यावर घेऊन त्यावरून चालत गेली, आणि तिच्यामागून सगळ्या. संध्याकाळपर्यंत कापड लाल मातीच्या पावलांनी भरून गेलं आणि प्रत्येक पावलाखाली तू कोळशानं नाव लिहिलंस. मुंबईच्या एका मोठ्या कलादालनात ते भिंतीवर लागलं तेव्हा एका बाईंनी विचारलं, हे ठसे तुम्ही कोणत्या रंगानं काढले. तू गंभीर चेहऱ्यानं म्हणालास, "मी नाही काढले, मी फक्त कापड धुतलं नाही." बाहेर आल्यावर तू इतका हसलास की पानवालासुद्धा हसायला लागला.

हसायचास तू खूप. हे कोणी लिहिणार नाही म्हणून मी लिहिते. पेपरात आलंय त्यात तू एकदम करारी, संघर्षशील आणि काय काय आहेस. तुझी टिंगलखोर जात त्यात कुठेच नाही. माझ्या मराठीला तू "इस्त्रीची मराठी" म्हणायचास. बोहाड्यावरच्या, देवादिकांची सोंगं नाचवण्याच्या तुमच्या उत्सवावरच्या, आपल्या सिनेमाचं निवेदन मी लिहिलं, त्यात जागोजागी "मुखवटा" असं होतं. तू कागद खाली ठेवलास. "मुखवटा भिंतीवर असतो, मॅडम. सोंग माणसावर येतं." मी म्हटलं, सोंग म्हटलं की वाचणाऱ्याला खोटेपणा वाटतो, सोंग करतोय म्हणजे नाटक करतोय. तू म्हणालास, "ते तुमच्यात. आमच्याकडे सोंग आलं की बसलेला माणूस उठून उभा राहतो." सगळं निवेदन मला परत लिहावं लागलं, आणि ते पहिल्यापेक्षा चांगलं झालं हे मी तुला तेव्हा सांगितलं नव्हतं. आता सांगते.

तो सिनेमा तुमच्या पाड्यावर पहिल्यांदा दाखवला. समाजमंदिराच्या भिंतीला पोपडे होते म्हणून आयसनं पेटीतली धुतलेली पांढरी चादर काढून दिली आणि आपण ती दोन खांबांना ताणून बांधली. जगदंबेचं सोंग पडद्यावर आलं तशी पुढच्या बायकांत गडबड झाली. तुझी आयस उठली, हातात हळदीकुंकवाची वाटी होती, ती सरळ चालत गेली आणि तिनं देवीच्या कपाळावर कुंकू लावलं. देवी पुढे सरकली. कुंकू तिथंच राहिलं. मग ते सांबळवाल्याच्या गालावर आलं, नंतर एका म्हशीच्या शिंगावर, आणि शेवटी पाण्याच्या टँकरबद्दल बोलणाऱ्या साहेबांच्या नाकाच्या बरोबर शेंड्यावर. सगळा पाडा हसून लोळला. आयस मात्र हसली नाही. देवी समोर आली आणि आपण कुंकू लावलं, यात हसण्यासारखं काय आहे हेच तिला कळेना.

ती चादर तू परत कधी धुतली नाहीस. "देवीला लावलेलं कोणी धुतं का?" हे तुझं उत्तर. तू देव मानत नव्हतास, निदान माझ्याशी वाद घालताना तरी नाही, पण चादर धुवायची नाही म्हणजे नाही. साखरशेत, जामसर, जिथे जिथे सिनेमा नेला तिथे आपला पडदा तोच. आपल्या प्रत्येक सिनेमातल्या प्रत्येक माणसाला कधी ना कधी ते कुंकू लागलंय.

आता झोळीचं. ते टाळून चालणार नाही, आपलं सगळ्यात मोठं भांडण तेच.

पाड्यापासून डांबरीपर्यंत रस्ता नाही, आणि पावसाळ्यात मधला ओढा चढला की आजारी माणसाला चादरीच्या झोळीत घालून खांद्यावर न्यावं लागतं. हे तुझ्यासाठी नवं नव्हतं. एका पावसाळ्यात शेजारच्या पाड्यावरच्या एका सुनेच्या पोटात कळा सुरू झाल्या तेव्हा तू कॅमेरा घेऊन तिथेच होतास. ती वाचली, बाळही वाचलं. तू मला फुटेज दिलंस त्यात बायका पाणी तापवतायत, मग झोळी बांधतायत, आणि पुढे काहीच नाही. मी विचारलं, पुढचं कुठे आहे? तू म्हणालास, "बांबू धरायला माणूस कमी होता." मी चिडले. म्हटलं, "तू बांबू धरलास म्हणून एक बाई वाचली. तू ते दाखवलं असतंस तर रस्ता आला असता."  

पुढच्या पावसाळ्यात कुठल्याशा चॅनेलची गाडी आली. खरी झोळी त्यांच्या हातून निसटली होती, म्हणून त्यांनी एका धडधाकट बाईला झोळीत झोपवलं आणि चौघांना परत चालायला लावलं. ती बाई चादरीत तोंड घालून खुदुखुदू हसत होती. तू ओढ्यावरून ओरडतच आलास, "झोळीचं सोंग नाचवताय का इथं?" त्यांना गाडीपर्यंत पिटाळलंस. आणि मग काय झालं, आठवतं? शाबासकी राहिली बाजूला, म्हातारे तुझ्यावरच उखडले. तुझा चुलता म्हणाला, "तुला काय जातं बोलायला? रस्ता येत असल तर मी धा वेळा झोपन झोळीत." तू खालमानेनं ऐकून घेतलंस. मी मागे उभी होते आणि मला आतून बरं वाटलं होतं, कारण माझंच म्हणणं तो म्हातारा बोलत होता.

परतताना मोटारसायकलवर तू मला सांगितलंस, पहिल्यांदाच जरा सविस्तर. "बाहेरच्याला आम्ही दोनच ठिकाणी दिसतो. तारप्याच्या भोवती नाचताना नाहीतर झोळीत. झोळीत माणूस दिसतच नाही, नुसती झोळी दिसते. मी नाही काढणार ते." मी मागून ओरडून म्हटलं, "मग रस्त्याचं काय?" वाऱ्यात तुला ऐकू आलं नाही, किंवा तू ऐकलं नाहीस. त्या प्रश्नाचं उत्तर राहिलंच. आता ते फारच राहिलं.

आता माझ्यापुढे काय वाढून ठेवलंय ते ऐक. रस्ता समितीचे गुरुजी, तुझ्या सगळ्या शूटिंगांत ज्यांच्या घरी आपण जेवलो ते, परवा जव्हारला तुझी शोकसभा घेतायत. हॉल घेतलाय. तालुक्याचे साहेब लोक येणार आहेत. गुरुजींनी फोन केला. म्हणाले, "ताई, दादावर थोडं काही दाखवा. आणि लहानूचा व्हिडिओ दाखवाच. साहेबांना समोर बसवून दाखवायची संधी परत येणार नाही." मी म्हटलं, विचार करून सांगते. गुरुजी रडत होते, पण रडता रडता त्यांचं डोकं चालू होतं, आणि त्यात काही वाईट आहे असं मला वाटत नाही. जी माणसं राहिली त्यांना चालायला वाट हवीच आहे.

मग मी तू कुठे कुठे आहेस ते शोधायला बसले. सगळं जुनं फुटेज उपसलं. तुझा आवाज सापडला, भरपूर. "काकी, थोडं उजेडात बसा." "कापू नका, चालू द्या." कुठे भिंतीवर तुझी सावली, कुठे सांबळ सरकवणारा तुझा हात. तुझा चेहरा कुठेही नाही. मला इतका राग आला तुझा. जगाचे पाय काढत बसलास आणि स्वतःला कुठे ठेवलंस रे?

शेवटी या उन्हाळ्यातलं बोहाड्याचं सापडलं. त्राटिकेचं सोंग तुमच्या घराण्यात. देवीचं नाही, राक्षसिणीचं, जिला बघून पोरं किंचाळत आईच्या पदराआड जातात, आणि याचा तुला काय अभिमान. दर वर्षी ते चुलता घ्यायचा आणि तू म्हणायचास, मी सोंग घेतलं तर कॅमेरा कोण धरील? या वर्षी चुलत्याचे गुडघे गेले. तू लुगडं नेसलास, पायात चाळ बांधलेस आणि कॅमेरा माझ्या हातात दिलास. मी म्हटलं, मला नाही येत. तर सोंग बांधून घेता घेता आतून तुझा घुमलेला आवाज आला, "पायांपासून सुरू कर."

मी पायांपासून सुरू केलं. मग सांबळ वाजायला लागलं, तू वळलास, आणि ते भलंमोठं लाल तोंड माझ्याकडे आलं तशी मी घाबरले. खरंच घाबरले, तू आत आहेस हे माहीत असूनही. गर्दीनं मला रेटलं आणि कॅमेरा खालीच राहिला. उजाडलं होतं, धूळ उडत होती, आणि माझ्या फुटेजमध्ये बहुतेक वेळ तुझे चाळ बांधलेले पाय आहेत. मी तुला म्हटलं, सगळं बिघडलंय, एकदा बघून घे. तू म्हणालास, "आवणी झाली की बघू." जयराम, आवणी झाली रे. तुझ्या वाटणीची रोपं लहानूनं लावली.

तुझ्या दिवसांना मी पाड्यावर गेले. जेवणं उरकली, माणसं पांगली, आणि आयसनं आपणहून पेटीतून ती कुंकवाची चादर काढून माझ्यापुढे ठेवली. मी काही मागितलं नव्हतं. लहानूनं ती आतल्या खोलीत आढ्याला बांधली, दार लोटलं, बॅटरीवर आपला छोटा प्रोजेक्टर लावला. आयस अगदी पुढे, जमिनीवर. त्राटिका नाचायला लागली. मी सांगणार होते की आत जयराम आहे, तेवढ्यात तीच बोलली.

"हा माना पोसा."

तिचाच पोरगा हे कशावरून, मी विचारलं.

"डावा पाय बघ. आत पडतो. लहान होता तवा आंब्यावरून पडला ना." आणि मग एकदम लहानूकडे वळून, "चाळ घट बांधलं होतं का रे? पाय सुजला होता त्याना दुसऱ्या दिशी."

 इतकी वर्षं तुझ्या शेजारी चालले, तुझा डावा पाय आत पडतो हे मी कधी पाहिलं नव्हतं. फुटेज संपलं. पडद्यावर नुसतं पांढरं राहिलं, आणि मध्ये ते कुंकू.  आयस म्हणाली, "अजून आहा का त्याना?"

लहानूनं माझ्याकडे बघितलं. मी 'नाही' म्हणू शकले असते, जयराम. तुला स्मरून नाही म्हणायचंच ठरवून आले होते. पण "अजून आहा का" असं तिनं विचारलं, डब्यात भात अजून आहे का असं विचारावं तसं, आणि मला नाही म्हणवेना. मी मोबाइल काढला आणि तिच्यापुढे धरला.

बांबू आला, चादर आली, चौघे आले. तिनं मोबाइल हातात घेऊन डोळ्यांजवळ नेला. तिनं चादर ओळखली असणार, तिचीच ती. 

"पाय उघडा पडला," ती म्हणाली. "गारठल."

आणि तिनं बोटानं चादर ओढली. काचेवरून, खालून वर, तुझ्या पायावर. बोट लागल्याबरोबर व्हिडिओ थांबला. चौघेही जागच्या जागी थांबले, एकाचा पाय उचललेला. ती परत परत बोट फिरवत राहिली आणि पाय काही झाकेना. लहानू तोंड फिरवून बाहेर गेला. मी तिचा हात धरला नाही.

तू म्हणायचास, झोळीत माणूस दिसत नाही, नुसती झोळी दिसते. जयराम, तुझ्या आयसला झोळी दिसलीच नाही.

मग मी तिला विचारलं, की हे जव्हारला सगळ्यांपुढे दाखवू का? साहेब लोक येणार आहेत, गुरुजींचं म्हणणं आहे. जयरामला मात्र आवडलं नसतं, हेही सांगितलं. तिनं सगळं ऐकून घेतलं.

"दाखव. पन पाय झाकून दाखव."

पाय झाकता येतो. तुला माहीत आहे, माझं ते दोन मिनिटांचं काम. पण तो झाकला तर तू उरतच नाहीस. मग नुसती झोळी उरते, तू म्हणायचास तीच. मी तिला म्हटलं, आयस, मला नाही झाकता यायचा.

तिनं वर बघितलं, खांबावर वाळत घातलेल्या चौकड्यांच्या चादरीकडे. तीच चादर. लहानूनं ती धुऊन आणली होती.

"मग मी येन," ती म्हणाली. "मी झाकीन."

परवा ती गुरुजींच्या गाडीनं जव्हारला येतेय. ती चौकड्यांची चादर बरोबर घेऊनच. मी पडदा बांधीन, तोच, कुंकवाचा. आधी त्राटिका दाखवीन, मग झोळी. ती पुढे बसेल, आणि तुझा पाय दिसला की उठून पडद्याशी जाईल हे मला ठाऊक आहे. साहेब लोक काय म्हणतील ते म्हणोत, मी तिला अडवणार नाही. ते कोणाचंही सोंग नसेल.

तुला हे पटलेलं नाही. मला कळतंय. ये मग परवा, आणि भांड माझ्याशी.